मिस्त्रींचा कोबा आणि मुकादमीणबाईंचा पाय

आमच्या शेजारच्या मिस्त्रींनी उभं आयुष्य लोकांची घरं बांधण्यात घालवलं आणि स्वतःच्या मागच्या अंगणात चिखल ठेवला. हे मी नाही म्हणत. त्यांची बायको म्हणायची, आणि तेही मधल्या भिंतीपलीकडे ऐकू जाईल एवढ्या आवाजात. भिंतीपलीकडे नेमकी मी असायचे, हा निव्वळ योगायोग.

मिस्त्री उंच, वाळके, ओळंब्यासारखे सरळ. कुठलीही वस्तू बघायची तर एक डोळा मिटून. आमच्याकडे पहिल्यांदा चहाला आले तेव्हा त्यांनी ना कपाकडे बघितलं, ना माझ्याकडे. दाराच्या चौकटीकडे एक डोळा मिटून बघितलं आणि हळहळले. दार नीट लागत नाही म्हणून मी इतकी वर्षं आमच्या ह्यांना बोल लावत होते, तर दोष निघाला चौकटीचा. तरी बोल लावणं मी काही थांबवलं नाही. जिभेला वळण पडलं की पडलं. गुडघे कुरकुरायला लागले तसं मिस्त्रींनी काम सोडलं, पण डोळा मिटायचं सोडलं नाही.

त्यांची बायको, जिला मी ताई म्हणते, ती बदकं पाळते. दिव्याच्या उबेत अंडी ठेवून तिने पहिली पिल्लं काढली, आणि आता अंगणभर पांढरा गोंधळ असतो. अंडी बेकरीवाला नेतो; कोंबडीच्या अंड्यापेक्षा ह्या अंड्यांनी केक जास्त फुगतो, असं तो म्हणतो. त्या सगळ्यांची पुढारी एक धिप्पाड, मानेला बाक असलेली मादी. ती पुढे आणि बाकीची रांगेत मागे. ती थांबली की सगळी थांबणार, ती ओरडली की सगळी ओरडणार. मिस्त्रींनी तिचं नाव मुकादमीण ठेवलं. कामावर असताना मुकादमांशी त्यांचं कधी पटलं नाही, पण हिच्याशी पटायचं.

गेल्या साली त्या अंगणातल्या चिखलात ताई दाण्याची बादली घेऊन घसरली आणि मनगट मोडून बसली. डॉक्टरांनी प्लास्टर घातलं. मिस्त्रींनी त्या प्लास्टरकडे एक डोळा मिटून बघितलं आणि कोपराकडे माल जास्त लागलाय म्हणाले. ताई त्यांच्याशी दोन दिवस बोलली नाही. पण मी त्या दिवशी त्यांचा चेहरा बघितला होता. माणूस विनोद करत नव्हता. त्याला दुसरं काही सुचत नव्हतं.

मग यंदा ताईच्या मुलीला बाळ झालं आणि ताई दोन महिन्यांसाठी तिकडे गेली. निघताना नवऱ्याला दाण्याचं माप, पाण्याची वेळ, खुराड्याची कडी, सगळं तीनतीनदा सांगितलं. शेवटी रिक्षात बसल्यावर म्हणाली, "माझी बदकं आहेत तशी मला परत मिळाली पाहिजेत. आपल्या पायांनी दारापर्यंत आली पाहिजेत." मला वेगळं बोलावून सांगितलं की लक्ष ठेव. मी म्हटलं, बदकांची काळजीच नको. ती म्हणाली, "बदकांवर नाही गं. ह्यांच्यावर."

ताईची रिक्षा कोपऱ्यावरून वळली असेल नसेल, तोच पलीकडून वाळूची गाडी आली.

बायको परत येईल तेव्हा तिच्या पायाखाली चिखल नसेल, असा मिस्त्रींचा बेत होता. मागच्या दारापासून नळापर्यंत आणि नळापासून हौदापर्यंत, सगळ्या अंगणाला सिमेंटचा कोबा. आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या घरासाठी केलेलं काम. मला भिंतीपाशी बोलावून त्यांनी तोंड बंद ठेवायला सांगितलं. माझ्या तोंडात तीळ भिजत नाही हे साऱ्या गल्लीला ठाऊक आहे, त्यांनाही होतं. पण मी शब्द दिला आणि पाळलाही. ताईला अवाक्षर बोलले नाही. बाकीच्या गल्लीला सांगितलं, पण त्याबद्दल शब्द कुठे दिला होता?

काम मात्र बघण्यासारखं. गुडघ्यांना पोत्याचे तुकडे बांधून मिस्त्री सकाळी बसायचे ते ऊन कलेपर्यंत. वाळू अशी चाळली की मला वाटलं, आता हिचा हलवा करतात की काय. उतार काढला तोही असा की पेलाभर पाणी कुठेही ओता, ते इकडे तिकडे न बघता थेट नालीत. आणि सगळ्यात शेवटी, कोबा ओला असतानाच, ताठ खराट्याने त्यावर आडव्या रेघा ओढल्या. गुळगुळीत ठेवला तर ती पुन्हा घसरेल, म्हणाले. रेघा अशा एकसारख्या की शाळेच्या वहीला लाज वाटावी. खुराड्यालाही हातासरशी उंच जोतं बांधून टाकलं. त्यांच्या मते बिनजोत्याचं घर म्हणजे बिनकण्याचा माणूस.

कोबा वाळेपर्यंत बदकं कुठे होती? आमच्याकडे. त्याबद्दल मी बोलणार नाही. माझी कोथिंबीर बोलली असती, पण ती उरली नाही.

ज्या दिवशी बदकं परत गेली, त्या दिवशी सगळी कोब्याच्या कडेला उभी राहिली, लादी पुसल्यावर पाहुणे दाराशी उभे राहतात तशी. मग मुकादमीणबाईंनी एक पाय टाकून बघितला, दुसरा टाकला आणि खटखट चालायला लागल्या. मागून सगळी फौज. मिस्त्रींच्या डोळ्यांत पाणी आलं. दोन्ही डोळ्यांत, कारण त्या वेळी दोन्ही उघडे होते.

त्यानंतर ते अंगण सकाळ-संध्याकाळ धुवायला लागले. पेंढा टाकायचे नाहीत. रेघा झाकल्या जातील ना.

आता बदक लंगडतंय हे ओळखायचं कसं, हा मोठा प्रश्न आहे. बदक मुळातच असं चालतं की नवीन माणसाने त्याला आधी दवाखान्यात न्यावं. त्यामुळे आधी कुणाला काही कळलं नाही. मला एवढंच दिसलं की रांग हळू झाली. मग रांगेला मध्येच विसावे लागायला लागले. मग एका सकाळी मुकादमीणबाई खुराड्याच्या जोत्यावरून धपकन उतरल्या, चार पावलं चालल्या आणि अंगणाच्या मधोमध बसल्या. मागची सगळी थांबली आणि तीही बसली. मी भिंतीवरून विचारलं, "भाऊजी, संप आहे का?"

मिस्त्रींनी सांगितलं की बदकं माजली आहेत. बायकोने लाड करून वजन वाढवलंय, दुसरं काही नाही. त्याच दिवसापासून दाणा कमी झाला. बदकं लंगडी होतीच, आता भुकेली आणि लंगडी झाली, आणि आवाज मात्र दुप्पट.

चारदोन दिवसांनी त्यांनी मला पलीकडे बोलावलं. मुकादमीणबाईंना काखेत धरून त्यांचा पाय मला दाखवला. बदकाचा तळवा मी आयुष्यात प्रथमच नीट बघत होते. नारिंगी, मऊ, लहान मुलाच्या ओठासारखा. आणि बरोबर मध्ये टम्म सूज, तिच्यावर डाळीच्या दाण्याएवढी काळी खपली. हात लावला तर गरम.

"कुरूप आहे," मिस्त्री म्हणाले. "मलापण होतं. ब्लेडने काढतो मी." आणि ते खरंच ब्लेड आणायला घरात वळले.

मी मुकादमीणबाईंना उचललं आणि सरळ आमच्या घरी आले. वाटेत त्यांनी माझ्या पदराचं जे केलं ते केलं, पण पाय वाचला. नंतर जनावरांच्या डॉक्टरीणबाईंकडून कळलं की घरच्या ब्लेडने तो फोड उघडला असता तर घाण आणखी आत गेली असती आणि रक्त थांबवताना आमची पळापळ झाली असती. मी तेव्हा ज्ञानाने काही केलं नव्हतं. मिस्त्रींच्या हातात ब्लेड बघितलं की कुणीही पळेल. ते दाढीच कशी करतात मी बघितलेलं आहे.

ब्लेड राहिलं, मुकादमीणबाई परत गेल्या, पण डोकं चालूच. दुसऱ्या दिवशी मिस्त्री सायकलची जुनी ट्यूब कापत बसले होते. बदकांना बूट. कोब्यात दोष असू शकतो ही गोष्ट सोडून जगातल्या सगळ्या गोष्टी त्यांना सुचत होत्या. बूट घातलेल्या बदकांनी पाय इतके उंच उचलून टाकायला सुरुवात केली की जणू सगळी चोरी करायला निघाली आहेत. त्यातलं एक तसंच हौदात उतरलं, बुटात पाणी भरलं आणि ते एका जागी गोल गोल फिरायला लागलं. ते काढायला मिस्त्री हौदात उतरले. त्यांना काढायला आमचे हे उतरले. मी कुणालाच काढलं नाही, मला हसणं आवरत नव्हतं.

हे सगळं होत असताना ताईचे फोन चालू. नवऱ्याला केला की उत्तर एकच, "सगळं ठीक आहे." म्हणून ती मला करायची. त्या आठवड्यात तिने मला विचारलं, "अगं, हे फोनवर फार गोड बोलतायत. काय झालंय?" मी म्हटलं, पडसं झालं असेल. ती म्हणाली की बेकरीवाल्याचाही फोन आला होता, अंडी निम्म्यावर आली आहेत म्हणत होता. मी म्हटलं, बदकांनाही पडसं असेल.  मग ती म्हणाली की ती ठरल्यापेक्षा लवकर निघतेय. आठ-दहा दिवसांत.

तो निरोप मी मिस्त्रींना दिला आणि बरोबरच हेही सांगितलं की आता जनावरांच्या डॉक्टरीणबाईंना आणलं नाहीत तर मीच ताईला सगळं सांगते. माझ्या तोंडाच्या धाकाने एखादं चांगलं काम व्हावं, हे माझ्या बाबतीत पहिल्यांदाच घडत होतं.

डॉक्टरीणबाई तरुण, केस आखूड, हातात पेटी. आधी त्या अंगणभर नुसत्या फिरल्या. मिस्त्री मागे मागे, कोबा कसा केला ते सांगत. त्यांनी खाली बसून रेघांवरून तळहात फिरवला.

"काका, चप्पल काढा आणि इथून तिथवर चालून दाखवा," त्या म्हणाल्या.

मिस्त्री म्हणाले की अंगणात ते चप्पल घालतच नाहीत. आणि चालले. मखमलीवरून चालावं तसे गेले आणि तसेच परत आले. काही टोचत नाही म्हणाले. डॉक्टरीणबाईंनी त्यांना पाय उचलायला लावला. चुना, सिमेंट आणि वीट ह्यांनी चाळीस वर्षं घडवलेला तळवा तो. त्यावर चहा सांडला असता तर आत मुरला नसता.

"ह्याला तळवा नाही म्हणत, काका," त्या म्हणाल्या आणि माझ्याकडे वळल्या. "तुम्ही या."

मी चप्पल काढली आणि दुसऱ्याच पावलाला असा काही उडून नाच केला की भिंतीवरच्या मांजराने जागा सोडली. त्या रेघा नव्हत्याच, ती किसणी होती. त्यावर माझे हे तळवे, आणि बदकाचे तर माझ्याहून मऊ.

मग त्यांनी समजावून सांगितलं. बदकाचा पाय पाण्यासाठी आणि मऊ मातीसाठी असतो. गादी पातळ, आणि अंगाचा सगळा भार त्यावरच. खरखरीत जागेवर दिवसभर चाललं की बारीक ओरखडे पडतात, ओल्या घाणीतून रोग आत शिरतो, आत पू साठतो, वर काळी खपली धरते. त्यात सकाळी सकाळी उंच जोत्यावरून कठीण जमिनीवर उडी, म्हणजे रोज त्याच जागी हातोडा. वजन जास्त झालं तरी हे होतं खरं, पण ही बदकं काही जाड नव्हती, उगाच उपाशी मारलीत. बूट तर आधी काढा. ओलसर कोंडलेला पाय आणखी सडतो. एकेक तळवा उलटून बघत त्यांनी सांगितलं की बाकीच्यांची सुरुवात आहे, आठपंधरा दिवसांत जाईल. मुकादमीणबाईंच्या पायाकडे मात्र त्या जरा जास्त वेळ बघत राहिल्या. सूज वर सांध्याकडे सरकली होती. एकदा का ते हाडात उतरलं, म्हणाल्या, की मग माझ्याही हातात काही नाही.

त्यांनी इंजेक्शन दिलं, पाण्यातून द्यायचं औषध दिलं. रोज कोमट पाण्यात मीठ घालून पाय शेकायचा, कोरडा करायचा, मलम लावून स्वच्छ पट्टी बांधायची. बसायला सुका, मऊ पेंढा, ओला झाला की लगेच बदलायचा. आणि निघताना, पेटी बंद करत, त्या सहज म्हणाव्या तसं म्हणाल्या, "औषध मी देईन, काका. पण ही जमीन रोज नवी जखम देईल."

मिस्त्रींनी डॉक्टरीणबाईंना दारापर्यंत सोडलं, परत आले आणि कोब्याकडे एक डोळा मिटून बघत उभे राहिले. काहीतरी वाकडं सापडावं अशी त्यांची इच्छा असावी. सापडत नव्हतं. तेच तर दुःख होतं.

फोडायचा तर नाही, म्हणून आधी त्यांनी पोती अंथरली. पोती ओली झाली, कुजली, आणि असा वास सुटला की वाण्याने दुकानातून निरोप पाठवला. मग त्यांनी वाळूचा हातभर थर पसरला. डॉक्टरीणबाईंनीही म्हटलं होतं की जाड, मऊ थर टिकला तर चालेल. टिकला असता हो. पण उतार कुणी काढला होता? हौदातलं पाणी सांडलं, आणि सगळी वाळू शिस्तीत नालीकडे निघाली, सैन्याला हुकूम मिळावा तशी. नाली तुंबली, गल्लीत पाणी आलं, आणि कोबा पुन्हा लख्ख, रेघा पुन्हा उघड्या. स्वतःच्याच हुशारीने इतका गांजलेला माणूस मी दुसरा बघितला नाही.

एका संध्याकाळी मी औषध द्यायची आठवण करून द्यायला गेले तर मिस्त्री स्वयंपाकघरात घमेलं घेऊन बसले होते. घमेल्यात कोमट पाणी, त्यात मुकादमीणबाई. पाणी फार गरम नाही ना हे ते कोपर बुडवून बघत होते, बाळाच्या आंघोळीला बघतात तसं. मग पाय फडक्यात धरून टिपला, मलम लावलं आणि पट्टी बांधली. पट्टीचे पदर एकसारखे, कड कडेला लागलेली. मुकादमीणबाई मान लांब करून त्यांच्या सदऱ्याचं बटण ओढत होत्या आणि ते ओढू देत होते.

"ती पडू नये म्हणून केलं हो," ते माझ्याकडे न बघता म्हणाले. "दुसरं काय होतं त्यात."

 मी पेंढा सारखा केला आणि घरी आले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मिस्त्री घण घेऊन अंगणात आले. घण जमिनीवर टेकवला आणि त्याच्या दांड्यावर दोन्ही हात ठेवून उभे राहिले. उन्हाची तिरीप भिंतीवरून खाली उतरली, तरी ते उभेच. मग त्यांनी भिंतीपाशी येऊन आमच्या ह्यांना हाक मारली आणि म्हणाले की तुम्ही फोडा, माझ्याच्याने होणार नाही.

आता आमचे हे म्हणजे खिळा ठोकायचा तर आधी अंगठ्याला पट्टी बांधून घेणारे. पण शेजारधर्म म्हणून गेले. घण डोक्यावर उचलला, त्याबरोबर स्वतःही जरा मागे गेले, आणि डोळे मिटून हाणला. दोन्ही डोळे. घण कोब्यावर आपटून असा उसळला की ह्यांचे दात वाजलेले मला भिंतीपलीकडे ऐकू आले. कोब्यावर ओरखडा नाही. ह्यांनी पुन्हा हाणला. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा घण सुटून हौदात गेला आणि बदकांनी एकच कालवा केला.

मिस्त्रींना बघवेना. कोबा फुटणार ह्याचं दुःख नव्हतं. तो चुकीच्या पद्धतीने फोडला जातोय हे त्यांना सहन होईना.

"अहो, असं नाही फोडत," ते म्हणाले. घण हौदातून काढला, कडेला एक सांधा हेरला, छिन्नी बसवली आणि घातला घाव. टवका उडाला. त्यांनी तो उचलून उन्हात धरला. आतली खडी, आतला माल बघितला. चेहरा खुलला. आमच्या ह्यांना दाखवून म्हणाले की बघा, आतपर्यंत एकजीव आहे, आजकाल कुठे बघायला मिळतो असा माल. आणि पुढचा घाव घातला.

त्यानंतर दुपारपर्यंत मी आतून फक्त ठोके आणि स्वतःचंच कौतुक ऐकत होते. कुठे जास्त चिवट लागलं की ते खूश. एका कोपऱ्याने तासभर दाद दिली नाही, तर त्यांनी कौतुकाने त्याच्याशेजारी बसून चहा घेतला. स्वतःचं काम मोडताना इतका सुखावलेला माणूस म्हणजे वेडाच म्हणायचा, पण तो तसाच होता.

सगळा मात्र मोडला नाही. मागच्या दारापासून हौदाच्या अर्ध्या वाटेपर्यंत दोन पावलं रुंदीची एक पट्टी राहिली. तिच्याशी आले तेव्हा दमले असतील, किंवा नसतील. मी विचारलं नाही, म्हणजे बघा. बाकी अंगणात माती सारखी केली, हौदाभोवती जिथे पाणी सांडतं तिथे बारीक वाळू, उरलेल्या जागी पेंढा. खुराड्याच्या जोत्याला फळीचा उतरता रस्ता केला आणि त्यावर पोतं ठोकलं, म्हणजे उडी मारायला नको. बदकं हौदात सोडली. पाण्यात पायावर भार येत नाही, आणि पोहताना त्यांच्याकडे बघून कुणी म्हणालं नसतं की ह्यांना काही दुखतंय. फक्त मुकादमीणबाई पट्टी बांधून स्वयंपाकघरात पेंढ्यावर बसून होत्या आणि तिथून हुकूम सोडत होत्या.

ताई आली ती सकाळी. रिक्षातून उतरली, पिशवी माझ्या हातात दिली आणि सरळ मागे गेली. मी पिशवी घेऊन मागोमाग. कुणीतरी पिशवी पोचवायला नको का?

अंगणात होतं काय? माती, पेंढा, हौद, बदकं. दीड महिन्यापूर्वी ती सोडून गेली होती जवळजवळ तसंच. मिस्त्री दाराशी उभे, हाताच्या बोटांना चार ठिकाणी पट्ट्या, त्याही एकसारख्या. ताईने विचारलं की मी नव्हते तर काय केलंत. मिस्त्री म्हणाले, "काही नाही."

ताईने नेहमीसारखी हाक घातली. हौदातली मंडळी पाण्यातून बाहेर आली, पण दाराकडे निघाली नाही. जागच्या जागी गोळा होऊन उभी राहिली; पुढे कुणी जायचं हेच ठरेना. तेवढ्यात स्वयंपाकघरातून ओरडा आला. मुकादमीणबाई पेंढ्यावरून उठल्या, उंबऱ्यापाशी थांबल्या, पट्टीचा पाय आधी टेकवून बघितला. मिस्त्रींनी श्वास धरला. मीसुद्धा धरला, आणि मला तो धरवत नाही. बाई उंबरा ओलांडून बाहेर आल्या, मातीत उतरल्या आणि हळू, पण दोन्ही पायांवर, ताईच्या पुढ्यात जाऊन उभ्या राहिल्या. मागून सगळी रांग येऊन मिळाली.

ताईने तिला उचललं, पट्टी सोडली, तळवा बघितला. खपली सुटत आली होती, सूज उतरली होती. मग ती एकेक बदक उचलून उलटं करून बघत गेली. सगळे तळवे बघून झाल्यावर पट्टी जशी होती तशी परत बांधायला गेली, पण पदर जुळेनात. तिने नवऱ्याकडे बघितलं आणि पाय पुढे केला. त्यांनी बांधून दिली.

"बेकरीवाल्याने मला सगळं सांगितलंय," ती म्हणाली. "त्याला हिने सांगितलं." म्हणजे मी. माझ्याकडे बघून पुढे म्हणाली, "आख्ख्या गल्लीला सांगितलंस आणि मला पडसं?" मी पिशवी खाली ठेवायला जागा शोधायला लागले.

ताई कोब्याच्या त्या उरलेल्या पट्टीवर गेली. चप्पल काढली नाही; शहाणी बाई. जोर देऊन पाय घासून बघितला, एकदा, दोनदा. दाराकडून पट्टीच्या टोकापर्यंत चालत गेली आणि टोकाला थांबली. तिथून पुढे हौदापर्यंत माती. मिस्त्री खाली मान घालून उभे.

"एवढीच?" ती म्हणाली. "बादली घेऊन मला हौदापर्यंत जावं लागतं. इथपर्यंत तरी न्यायची होती. आणि कडेला पेंढ्याचा बांध घाला, बदकं वर चढायला नकोत."

मिस्त्रींनी डोकं वर केलं. मुलीच्या लग्नापासून आजवर त्या बाईने त्यांच्याकडे बांधकामातलं काही मागितलं नव्हतं, नुसतं बोलून दाखवलं होतं. गिऱ्हाईक समोर उभं राहिलं आणि त्या माणसाच्या तोंडून चाळीस वर्षांची सवय बोलून गेली. एक डोळा मिटून, जागा न्याहाळत ते म्हणाले, "हातात काम आहे सध्या. पुढच्या आठवड्यात बघू."

ताईने बदक खाली ठेवलं आणि दोन्ही हात कमरेवर ठेवले. 

माझा स्वयंपाक व्हायच्या आत पलीकडून वाळू चाळल्याचा आवाज यायला लागला.